सोसणे म्हणजे प्रेम नव्हे

(तृतीय वर्ष कला, मानसशास्त्र)

गतवर्षी आपल्या स्नेहसंमेलनातील वक्तृत्वस्पर्धेत ‘त्याग हाच प्रेमाचा आत्मा’ या विषयावर मी बोलले होते. श्रोत्यांनी टाळ्या वाजविल्या, परीक्षकांनी पहिला क्रमांक दिला आणि ती ढाल आजही आमच्या घरी काचेच्या कपाटात उभी आहे. ते भाषण मागे घेण्यासाठी मी हा लेख लिहीत आहे. ढाल मात्र परत करीत नाही. कारण ती माझ्या आवाजाला आणि हातवाऱ्यांना मिळाली होती, विचाराला नव्हे, हे आता माझे मलाच कळून चुकले आहे.

माझे मत बदलले ते कोणा ग्रंथाने नव्हे, तर फिलिपाइन्समधील एका बाईने. कुठे ते पॅसिफिकच्या कडेचे बेटांचे राष्ट्र आणि कुठे आपले महाविद्यालय, असे कोणी म्हणेल. पण आमच्या घरी हे अंतर फार नाही. माझी मावशी मूळची मिरजेची. गेली चौदा वर्षे ती मस्कतच्या एका रुग्णालयात परिचारिका आहे. तिच्या खोलीत तिच्यासोबत राहणारी परिचारिका फिलिपिनो. तिला तिच्या देशातल्या तरुण मुली ‘आते’ म्हणतात. तागालोग भाषेत आते म्हणजे थोरली बहीण. मावशीबरोबर ती गेल्या वर्षी आठ दिवस आमच्याकडे राहायला आली, तेव्हा शेजारच्या काकूंना मोठे कोडे पडले की मावशीबरोबर आलेली ही गोरटेली, बुटकी ‘आते’ आमच्या वडिलांची बहीण कधीपासून झाली! मीही तिला आतेच म्हणू लागले. तिची हकीकत लिहिण्याची परवानगी तिने मला दिली आहे. नाव मात्र लिहू नकोस म्हणाली.

आल्या दिवशी तिने वाकून माझ्या आजीचा हात हातात घेतला आणि त्याची मागची बाजू आपल्या कपाळाला लावली. वडीलधाऱ्यांना नमस्कार करण्याची त्यांची ही रीत. आजी एकदम खूष. ‘म्हणजे पाया पडणं तिकडेही आहे म्हणायचं!’ एवढ्यावर दोघींचे जमले.

स्पर्धेच्या आदल्या दिवशी मी भाषणाची तालीम करीत होते. मावशी म्हणाली, हिलाही इंग्रजीत सांग. मी माझ्या मोडक्यातोडक्या इंग्रजीत सारांश सांगितला. त्यात माझा हुकमी दाखला होता. एक मुलगी, तिला नाटकात काम करायची हौस. पण तिच्या मित्राला ते आवडत नाही, म्हणून तिने नाटक सोडले, सहलीला जाणे सोडले, दोन जुन्या मैत्रिणींशी बोलणे सोडले, आणि चेहऱ्यावरचे हसू मात्र सोडले नाही. केवढे हे प्रेम! आते शांतपणे ऐकत होती. शेवटी म्हणाली, ‘तुझं भाषण माझ्या आईने लिहिल्यासारखं वाटतं.’

मी ते कौतुक समजले. दुसऱ्या दिवशी बोलले, जिंकले, ढाल घेऊन घरी आले. रात्री जेवणे झाल्यावर आम्ही ओट्यावर बसलो असता तिने विचारले, ‘त्या मुलीने इतकं सोडलं; त्या मुलाने काय सोडलं?’

त्या प्रश्नाचे उत्तर माझ्याजवळ नव्हते. आणि ते असायला हवे होते, कारण ती मुलगी मीच होते.

मग तिने तिची गोष्ट सांगितली.

आते मनिलाच्या उत्तरेकडील बुलाकान प्रांतातली. वडील जीपनी चालवीत, आई घराच्या पुढच्या भागात लहानसे किराणा दुकान चालवी. पाच भावंडांत ही थोरली. शिकत असताना एका मुलावर प्रेम जडले. तो फार संशयी होता. ही कोणाशी बोलली, उशीर का झाला, याची रोज उलटतपासणी होई. आणि हिला त्याचा अभिमान वाटे. ज्याला आपली पर्वा आहे तोच असा जळतो, असे मैत्रिणी म्हणत. चर्चमध्ये रीतसर लग्न झाले. दोनच वर्षांत ती मस्कतला आली. पगारातून धाकट्यांची शिक्षणे, आईचे औषधपाणी आणि नवऱ्याचे घर चालू लागले. नवरा दारू पिऊ लागला; पुढे दुसरे घरही केले. सुटीवर गेली की मार खाऊन परत येई. आईला सांगितले तेव्हा आई एकच शब्द बोलली, ‘तीइस’. म्हणजे सोस.

हा शब्द मी वहीत लिहून घेतला. त्यानंतर तिने मला आणखी काही शब्द दिले आणि एका समाजाच्या मनाचा नकाशाच माझ्यापुढे उघडला. प्रेमापायी सारे निमूटपणे सोसणाऱ्या बाईला तिकडे ‘मार्तीर’ म्हणतात, हुतात्मा. शब्द स्पॅनिश, धर्मातून आलेला. म्हणताना त्यात थोडी थट्टा असते, थोडा आदरही. ‘हिया’ म्हणजे लाज, भीड, चार लोकांत मान खाली जाण्याचे भय. ‘उतांग ना लोओब’ म्हणजे आतल्या जिवावरचे ऋण. कोणी उपकार केला तर तो जन्मभर फेडायचा. आणि ‘सायांग’ म्हणजे वाया गेले, हळहळ वाटली. आते म्हणाली, ‘मला नवऱ्याने नाही, सायांगने बांधून ठेवलं होतं. पाच वर्षं सोसलं, आता सोडलं तर ती पाच वर्षं सायांग. मग सात झाली, मग दहा.’ जुगारात हरणारा माणूस गेलेला पैसा परत मिळावा म्हणून आणखी पैसा लावतो, तसेच हे. आपल्याकडे याला शब्द वेगळे असतील. हिशेब निराळा नाही.

फिलिपाइन्सच्या इतिहासात डोकावले तर हे शब्द कोठून बळ घेतात ते दिसते. १५६५ पासून १८९८ पर्यंत त्या बेटांवर स्पेनचे राज्य होते, आणि आजही तेथे दर पाच माणसांतील सुमारे चार कॅथलिक आहेत. त्यांचा राष्ट्रपुरुष होसे रिझाल याची ‘नोली मे तान्हेरे’ ही कादंबरी १८८७ साली बर्लिनमध्ये छापली गेली. तिची नायिका मारिया क्लारा: लाजाळू, सोशिक, आज्ञाधारक. प्रियकर मेला असे समजून ती मठात जाते. लेखकाने तिचा शेवट मुळीच सुखाचा दाखविलेला नाही. वादळी रात्री मठाच्या छपरावर उभी राहून आक्रोश करणारी एक स्त्री, हे अखेरचे दृश्य आहे. माझ्या मते तो इशारा होता. पण लोकांनी इशारा बाजूला ठेवला आणि नायिका तेवढी उचलून आदर्श म्हणून मखरात बसविली.

त्याच रिझालने दोनच वर्षांनी, १८८९ मध्ये, एक दीर्घ पत्र लिहिले. बुलाकान प्रांतातील, म्हणजे आतेच्याच प्रांतातील, मालोलोस गावच्या वीस तरुणींनी डिसेंबर १८८८ मध्ये थेट गव्हर्नर जनरलच्या हाती अर्ज दिला होता: आम्हांला स्पॅनिश शिकण्यासाठी रात्रीची शाळा काढू द्या. गावच्या धर्मगुरूंचा विरोध असताही त्या मागे हटल्या नाहीत. त्यांच्या धैर्याचे कौतुक करण्यासाठी रिझालने लंडनहून तागालोगमध्ये ते पत्र पाठविले. म्हणजे एकाच लेखणीतून दोन प्रकारच्या स्त्रिया आल्या: एक कल्पनेतली सोसणारी आणि वीस खऱ्याखुऱ्या मागणाऱ्या. मुलींना सांगायची गोष्ट म्हणून समाजाने पहिली निवडली. आतेला शाळेत दोन्ही शिकविल्या होत्या. ‘पण घरी येता जाता फक्त मारिया क्लाराच ऐकली,’ ती म्हणाली.

मनाच्या या नकाशावर कायद्याची कुंपणेही आहेत. अमेरिकन अमदानीत १९१७ च्या कायद्याने तेथे मर्यादित कारणांसाठी घटस्फोट मिळे. जपानी ताब्याच्या काळात, १९४३ मध्ये, ती कारणे वाढली. १९५० मध्ये नवी दिवाणी संहिता अमलात आली आणि घटस्फोट नाहीसा झाला. १९७७ पासून मुस्लिमांना त्यांच्या व्यक्तिगत कायद्यानुसार तो मिळतो, इतरांना नाही. १९८७ च्या कुटुंबसंहितेने एक अरुंद दार ठेवले आहे: लग्नाच्या वेळीच जोडीदार मानसिकदृष्ट्या वैवाहिक कर्तव्ये पार पाडण्यास असमर्थ होता असे सिद्ध करा, मग विवाह मुळातच झाला नव्हता असे न्यायालय जाहीर करील. २००४ च्या कायद्याने पत्नीवरील अत्याचार हा गुन्हा ठरविला, ही मोठी गोष्ट खरी. मे २०२४ मध्ये प्रतिनिधिगृहाने घटस्फोटाचे विधेयक संमतही केले. परंतु सिनेटची संमती न मिळताच जून २०२५ मध्ये त्या संसदेची मुदत संपली.

आतेने अकरा वर्षांनंतर त्या अरुंद दारातून जायचे ठरविले. वकील, मानसतज्ज्ञाचा अहवाल, सुटी काढून तारखांना जाणे. तीन वर्षे आणि जवळची सगळी पुंजी खर्च झाली. (अशा दाव्यात तज्ज्ञाची साक्ष अनिवार्य नाही, असे तेथील सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये म्हटले; तिला त्याचा उपयोग झाला नाही.) निकाल तिच्या बाजूने लागला. त्या कागदाविषयी तिने जे सांगितले ते मी विसरू शकत नाही. ‘कागदावर लिहिलं होतं की लग्न कधी झालंच नव्हतं. मग मी अकरा वर्षं सोसलं ते कुठे जमा झालं?’

माझ्या भाषणात मी म्हटले होते की त्याग कधी व्यर्थ जात नाही. खुशाल म्हटले होते.

येथपर्यंतची गोष्ट दुःखाची आहे. आणि दुःखाच्या गोष्टी आपल्या अंकांत पुष्कळ येतात. मला सांगावयाची आहे ती याच्या पुढची गोष्ट.

मोकळी झाल्यावर दीड वर्षाने तिची ओळख त्याच रुग्णालयातील क्ष-किरण विभागातल्या एका गृहस्थाशी झाली. तोही तिच्याच देशाचा, विधुर. सांगितलेल्या वेळी यायचा. भेटला की प्रथम विचारायचा, ‘जेवलीस का?’ (तिकडेही कुशल विचारण्याची ही रीतच आहे.) तिला रात्रपाळी असली की फोन करायचा नाही, झोपू द्यायचा. ती कोणाशी बोलली हे त्याने कधी विचारले नाही. आणि आते काय म्हणाली असेल? ‘मला वाटलं, याचं माझ्यावर प्रेमच नाही.’

तिने परीक्षा घ्यायला सुरुवात केली. मुद्दाम दुसऱ्या एका सहकाऱ्याबरोबर चहाला गेली. तो रागावला नाही. तिने रुसून पाहिले. ‘ताम्पो’ हा त्यांच्याकडचा रुसवा. बोलायचे नाही, समोरच्याने ओळखून मनधरणी करायची. तो म्हणाला, ‘मला ओळखता येत नाही. काय लागलं ते सांग, मी ऐकतो.’ यावर तिला आणखीच राग आला. शेवटी ‘हा माणूस अळणी आहे’ असे मावशीला सांगून तिने त्याच्याशी चार महिने बोलणे टाकले.

त्या चार महिन्यांत तिचे आंत्रपुच्छाचे ऑपरेशन झाले. तिने कोणाला कळू दिले नाही. मावशीने मात्र त्याला कळविले. तो डब्यात आले घातलेली तांदळाची पेज घेऊन आला, खाटेजवळ ठेवली, ‘गरम आहे, सावकाश खा’ म्हणाला आणि कामावर गेला. असे पाच दिवस. सहाव्या दिवशी आतेने पाकिटातून रियाल काढून त्याच्यापुढे धरले. आतल्या जिवावरचे ऋण! ते वाढू द्यायचे नव्हते. त्याने पैसे घेतले नाहीत. म्हणाला, ‘ही पेज आहे. कर्ज नाही.’

‘मी तेव्हा रडले,’ आते म्हणाली. ‘मार खाताना इतकी रडले नव्हते. कुणी काही दिलं की त्याची किंमत नंतर वसूल होते, एवढंच मला माहीत होतं. नुसतं घ्यायचं कसं, हे मला कोणी शिकवलंच नव्हतं.’

मित्रमैत्रिणींनो, माझ्या लेखाचा मुद्दा हाच आहे. निरोगी प्रेम मिळणे हे दैव असेल. पण ते ओळखणे आणि स्वीकारणे हे शिक्षण आहे. ज्या मनाला वादळाचीच सवय झाली त्याला स्वच्छ हवा म्हणजे पोकळी वाटते. आपल्या अभ्यासक्रमात बोल्बीचा जिव्हाळ्याविषयीचा सिद्धांत आहे. लहान मूल आईजवळ कशी सुरक्षितता अनुभवते यावर ते मूल पुढे इतरांवर कसा विश्वास टाकील हे पुष्कळसे अवलंबून असते. हेझन आणि शेव्हर या दोन अमेरिकन संशोधकांनी १९८७ मध्ये हाच विचार प्रौढांच्या प्रेमाला लावून पाहिला: काहींना जवळीक सहज साधते, काही तिला टाळतात, तर काही सतत धास्तावलेले असतात. मी हे परीक्षेत लिहून गुण मिळविले. पण आतेने पुढे केलेले पैसे म्हणजेच ते ‘धास्तावणे’, हे मला ओट्यावर कळले.

आणखी एक गोष्ट मला फिलिपिनो मानसशास्त्रज्ञ विर्हिलिओ एन्रिकेस यांच्याकडून मिळाली. परक्या सिद्धांतांच्या चष्म्यातून आपला माणूस पाहू नये म्हणून १९७० नंतरच्या दशकात त्यांनी स्वदेशी मानसशास्त्राची चळवळ उभारली. फिलिपिनो मनाच्या मुळाशी त्यांनी ‘काप्वा’ ही कल्पना मानली: दुसरा माणूस म्हणजे परका नव्हे, माझ्या ‘मी’मध्ये तोही आहे. मला हे महत्त्वाचे वाटते. कारण काप्वा दोन्ही बाजूंनी असावे लागते. एकाचा ‘मी’ पुसून दुसऱ्याचा मोठा होत असेल, तर त्याला काप्वा म्हणता येणार नाही. म्हणजे सोसण्याला उत्तर बाहेरून आणावे लागत नाही. ते त्याच मातीत आहे.

माझ्यावर येणारे आक्षेप मला ठाऊक आहेत. आमचे एक प्राध्यापक म्हणाले, ‘तुझा हा विचार स्वार्थाकडे नेतो. आई सोसते म्हणून घरे उभी राहतात.’ मी त्यांच्याशी अर्धी सहमत आहे. आतेची आई दुष्ट नव्हती. हाताशी पैसा नसलेल्या, माघारी जायला घर नसलेल्या बाईला सोसण्यावाचून दुसरे काय हाती होते? तिने मुलीला स्वतःजवळचे एकमेव हत्यार दिले. पण हत्यार म्हणजे दागिना नव्हे. निरुपाय म्हणून सोसणे समजण्यासारखे आहे. त्याला प्रेमाचे माप ठरविणे हा अन्याय आहे. मी त्यागाविरुद्ध नाही. स्वतः होऊन दिलेला त्याग आणि वसूल केलेला त्याग यांत मी फरक करते, इतकेच. फिलिपाइन्सच्या खेड्यांतील एक जुनी रीत आतेने सांगितली: लग्नापूर्वी मुलगा मुलीच्या घरी लाकडे फोडी, पाणी भरी, सेवा करून दाखवी. ही रीत मला गोड वाटली. एकच शंका आली: लग्नानंतर ती सेवा फक्त बाईकडे का जाते?

दुसरा आक्षेप असा, की दार उघडे ठेवले की घरे मोडतात. माझे उत्तर असे, की दार बंद ठेवल्याने घर उभे राहते, पण आतली माणसे एकमेकांवर प्रेम करू लागत नाहीत. आते अकरा वर्षे कायद्याने विवाहित होती. त्या काळात तिला पेज कोणी दिली नव्हती.

तागालोगमध्ये प्रेमाला ‘माहाल’ म्हणतात. बाजारात मासळीचा भाव ऐकून बाई ‘माहाल!’ म्हणून पुढे जाते, तेव्हा त्याचा अर्थ महाग. शब्द एकच. आपल्या ‘महाग’चे मूळ संस्कृत ‘महार्घ’, आणि ‘माहाल’चे मूळही भाषापंडित तेथेच नेऊन पोचवितात. दोन भाषांचे हे नाते कळल्यावर मला फार मौज वाटली. जे प्रिय ते महाग, हे खरेच असेल. पण ती किंमत सदैव एकानेच का मोजावी?

यंदा एप्रिलमध्ये तो गृहस्थ आपल्या वडीलधाऱ्यांना घेऊन बुलाकानला आतेच्या आईच्या घरी मागणी घालायला गेला. या भेटीला ते ‘पामामान्हिकान’ म्हणतात; घराच्या पायऱ्या चढून जाणे असा त्याचा मूळ अर्थ. सर्वांचे जेवण झाल्यावर आईने आतेला स्वयंपाकघरात बोलावून हळूच विचारले, ‘हा तुला ओरडतो का?’ नाही म्हटल्यावर म्हातारी पदार्थांची भांडी आवरीत म्हणाली, ‘मग सवय करून घे.’ सोस म्हणणारी आई सवय करून घे म्हणाली. मावशीने फोनवर हे सांगितले तेव्हा मी आणि आजी दोघीही गप्प झालो.

माझे म्हणाल, तर मी यंदा आपल्या एकांकिकेत काम करीत आहे. त्या मुलाला मी आतेचाच प्रश्न विचारला होता, ‘तू काय सोडलंस?’ तो रागावला. तेच उत्तर होते. दोन जुन्या मैत्रिणींकडे मी स्वतः गेले. एकीने चहा केला, दुसरी अजून नीट बोलत नाही. तिचे तसे वागणे योग्यच आहे.

स्पर्धेला पुढच्या वर्षी पुन्हा तोच विषय ठेवावा, अशी माझी मंडळाला विनंती आहे. मी विरुद्ध बाजूने बोलेन. ढाल मिळाली नाही तरी चालेल.